स्थिर की बदलती फ्रिक्वेन्सी? कन्व्हर्टर डिझाइन करताना मी कसं ठरवते

कन्व्हर्टरसाठी, म्हणजे एका व्होल्टेजचं दुसरं व्होल्टेज करणाऱ्या सर्किटसाठी, चिप शोधायला बसण्याआधी एक कोरा कागद घ्या आणि त्यावर दोनच ओळी लिहा. पहिली ओळ: हे यंत्र दिवसातला जास्तीत जास्त वेळ किती लोडवर चालणार? दुसरी ओळ: ह्याच्या शेजारी, त्याच डब्यात किंवा त्याच बोर्डवर, विजेच्या गोंगाटाला हळवं असं काय बसलंय? फ्रिक्वेन्सी, म्हणजे आतला स्विच सेकंदाला किती वेळा चालू-बंद होतो ते, स्थिर ठेवायची की बदलती, ह्याचं निम्म्याहून जास्त उत्तर ह्या दोन ओळींतच मिळतं. उरलेलं उत्तर इनपुट व्होल्टेज किती हलतं त्यावर असतं, आणि आमच्या भागात ते भरपूर हलतं.

मी कुपवाड एमआयडीसीत फवारणी पंपांचे चार्जर, दूध संकलन केंद्रातल्या वजनकाट्यांचे पॉवर सप्लाय आणि रस्त्यावरच्या एलईडी दिव्यांचे ड्रायव्हर बनवते. इंटर्नशिपला वालचंद इंजिनिअरिंग कॉलेजची किंवा डिप्लोमाची मुलं येतात. त्यांचा पहिला प्रश्न बहुधा असा असतो: "मॅडम, दोन्हीतलं चांगलं कुठलं?" मी त्यांना ही तीन उत्पादनं समोर ठेवून शिकवते, कारण तिन्हींचं उत्तर वेगवेगळं येतं. इथेही त्याच क्रमाने सांगते.

आधी पायाचं थोडक्यात. स्थिर फ्रिक्वेन्सीत घड्याळ ठरलेलं असतं आणि लोड किंवा इनपुट बदललं की मॉसफेट, म्हणजे आतला स्विच, चालू राहण्याचा वेळ, म्हणजे ड्यूटी, बदलते. यूसी३८४४ ही जुनी ओळखीची चिप घ्या. ऑसिलेटरची फ्रिक्वेन्सी साधारण १.७२ भागिले रेझिस्टर गुणिले कपॅसिटर. १३ किलोओहम आणि १ नॅनोफॅरड लावले की १३२ किलोहर्ट्झ येतात आणि ही चिप आतमध्ये दोनाने भागते, म्हणून मॉसफेटला ६६ मिळतात. इथला कपॅसिटर एनपीओ जातीचाच लावा. एक्स७आर लावला तर तापमानाबरोबर फ्रिक्वेन्सी सरकते आणि मग स्थिर ठेवण्याचा सगळा उद्देशच वाया जातो. बदलत्या फ्रिक्वेन्सीत ठरलेलं घड्याळ नसतं. एखादी घटना घडली की पुढचं चक्र सुरू होतं: इंडक्टरमधला करंट शून्यावर आला, किंवा आउटपुट ठरलेल्या रेषेखाली गेलं, किंवा मॉसफेटच्या ड्रेन पायावरचं झुलणारं व्होल्टेज सर्वांत खाली, म्हणजे दरीत, उतरलं. दरी बघून चालू होणारा क्वासी-रेझोनंट फ्लायबॅक (ट्रान्सफॉर्मरवरचा कन्व्हर्टर), ट्रान्झिशन मोडचा पीएफसी (मेन्सचा करंट व्होल्टेजच्याच आकाराचा ठेवणारा), कॉन्स्टंट ऑन-टाइम बक (व्होल्टेज उतरवणारा), हिस्टेरेटिक बक ही सगळी ह्याच घरातली. एलएलसी हा रेझोनंट कन्व्हर्टरही ह्याच घरातला, फक्त तिथे घटनेऐवजी फीडबॅक फ्रिक्वेन्सी ठरवतो.

चार्जर: चारही कोपऱ्यांवर गणित करा

तासगाव, पलूस, खानापूर भागातला द्राक्ष बागायतदार ऑक्टोबर छाटणीनंतर रोज फवारणीच्या घाईत असतो. पाठीवरच्या पंपात १२ व्होल्ट ८ अँपिअर-तासाची लेड-अॅसिड बॅटरी असते. संध्याकाळी लावली की पहाटे काढायची. चार्जर १४.४ व्होल्ट, १.७ अँपिअरचा, म्हणजे साधारण साडेचोवीस वॅटचा. कार्यक्षमता ८६ टक्के धरली तर इनपुटला साडेअठ्ठावीस वॅट.

आता गावातली लाईट. फीडरवरच्या शेतीपंपांच्या मोटारी एकदम सुरू झाल्या की शेवटच्या घरात १५० व्होल्ट उरतात आणि रात्री मोटारी बंद झाल्या की तेच घर २७०-२८० बघतं. मी १५० ते २८० धरून चालते. रेक्टिफायरनंतर ही मर्यादा, रिपलची म्हणजे डीसीवरच्या चढउताराची दरी धरून, खाली १८० आणि वर ३९६ व्होल्ट डीसी होते.

क्वासी-रेझोनंट फ्लायबॅक घेऊ. ट्रान्सफॉर्मरचं प्रमाण ६ ला १ ठेवलं की सेकंडरीचे १५.२ व्होल्ट, डायोडसह, प्रायमरीवर ९१ व्होल्ट होऊन दिसतात. ३९६ अधिक ९१ अधिक लीकेजचा शंभरेक व्होल्टचा टोचा, म्हणजे ६०० च्या जवळ. गावच्या लाईटवर मी इथे ८०० व्होल्टचाच मॉसफेट लावते. ६५० चा लावून वाचणारे पैसे एका पावसाळ्यात परत जातात.

ह्या जातीत सर्वांत कमी फ्रिक्वेन्सी येते ती सर्वांत कमी इनपुट आणि पूर्ण लोड ह्या कोपऱ्यात. तो आकडा आपण ठरवायचा. मी ४५ किलोहर्ट्झ ठरवते, म्हणजे माणसाच्या कानापासून दुपटीहून जास्त लांब. मग हिशोब असा: एका चक्राचे २२.२ मायक्रोसेकंद, त्यातला साधारण १ मायक्रोसेकंद दरीपर्यंत उतरायला. उरलेल्या २१.२ मध्ये करंट १८० व्होल्टवर चढतो आणि ९१ व्होल्टवर उतरतो. त्यावरून इंडक्टन्स गुणिले शिखर करंट ही किंमत १.२८ मिलिव्होल्ट-सेकंद येते, शिखर करंट जवळजवळ १ अँपिअर आणि प्रायमरी इंडक्टन्स १.३ मिलिहेन्री. ईएफ२५ कोर घेतला, त्याचं क्षेत्रफळ ५२ चौरस मिलिमीटर, ९६ ला १६ वेढे दिले, तर फ्लक्स ०.२६ टेस्ला. गरम फेराइटला हे झेपतं.

आतापर्यंतचं सगळे करतात. पण इथे थांबू नका. तोच ट्रान्सफॉर्मर आता दुसऱ्या कोपऱ्यांवर न्या.

३९६ व्होल्ट आणि पूर्ण लोड: शिखर करंट ०.८२ अँपिअर, फ्रिक्वेन्सी ६५ किलोहर्ट्झ. ठीक आहे.

३९६ व्होल्ट आणि पाव लोड: शिखर करंट ०.२४ अँपिअर आणि फ्रिक्वेन्सी १९३ किलोहर्ट्झ.

लोड कमी झाला आणि फ्रिक्वेन्सी जवळजवळ तिप्पट झाली. वर लिहिलेली पहिली ओळ आठवा. लेड-अॅसिड बॅटरी पूर्ण करंट घेते ते सुरुवातीचे चार-साडेचार तास. व्होल्टेज १४.४ ला पोचलं की करंट उतरायला लागतो आणि पहाटेपर्यंत उतरतच राहतो. त्याच वेळी, मध्यरात्रीनंतर, गावातलं व्होल्टेजही सर्वांत वर असतं. म्हणजे हा चार्जर निम्मी रात्र नेमका त्याच कोपऱ्यात काढतो, जिथे त्याची फ्रिक्वेन्सी सर्वांत जास्त आहे. डेटाशीटच्या पहिल्या पानावरची कार्यक्षमता पूर्ण लोडची असते. आपल्या गिऱ्हाईकाची बॅटरी पाव लोडवर झोपते.

नुकसान किती होतं तेही काढून बघा. ड्रेनवर ८० पिकोफॅरड धरा. दरीत चालू केलं तरी ३९६ वजा ९१, म्हणजे ३०५ व्होल्ट शिल्लक असतातच. एका वेळी ३.७ मायक्रोज्यूल जळतात. ६५ किलोहर्ट्झला तो पाव वॅट होतो, १९३ ला ०.७ वॅट. बंद प्लास्टिकच्या डब्यात, हीटसिंकशिवाय, पाव लोडवर ०.७ वॅट फुकट घालवणं मला पटत नाही. खालच्या कोपऱ्यात मात्र हीच पद्धत सोन्यासारखी आहे. १८० व्होल्टवर दरी ८९ व्होल्टपर्यंत खाली येते आणि स्विचिंगचं नुकसान जवळजवळ नाहीसंच होतं.

म्हणून क्वासी-रेझोनंट चिप घेताना एकच गोष्ट आधी तपासा: तिच्यात दरी गाळण्याची सोय आहे का, म्हणजे लोड कमी झाला की पहिली दरी सोडून दुसऱ्या, तिसऱ्या, चौथ्या दरीत मॉसफेट चालू करायची, आणि फ्रिक्वेन्सीला वरून लगाम आहे का. मी हा लगाम १३० किलोहर्ट्झला पसंत करते. कारण घरगुती उपकरणांच्या सिस्पर (CISPR) ह्या आंतरराष्ट्रीय मानकांत मेन्सच्या तारेवरून परत जाणाऱ्या गोंगाटाची मोजणी १५० किलोहर्ट्झपासून ३० मेगाहर्ट्झपर्यंत चालते. मूळ फ्रिक्वेन्सी १५० च्या खाली राहिली की तिची सर्वांत उंच रेघ मोजणीत येतच नाही. दिव्यांच्या मानकात मोजणी ९ किलोहर्ट्झपासून आहे, तिथे ही सवलत नाही.

बाजारातल्या इतक्या स्थिर चिप ६५ किलोहर्ट्झवर का असतात, ह्याचंही कारण हेच. दुसरा हार्मोनिक १३० वर, मोजणीच्या बाहेर. तिसरा १९५ वर, तोवर ताकद बरीच उतरलेली. त्यात चिप स्वतः फ्रिक्वेन्सी चार-पाच टक्के इकडेतिकडे हलवते. मोजणाऱ्या रिसीव्हरची खिडकी ९ किलोहर्ट्झची असते आणि तिसरा हार्मोनिक त्याहून रुंद पसरतो, म्हणून वाचन खाली येतं. बदलत्या फ्रिक्वेन्सीला हा फायदा आपोआप मिळतो. आपल्या चार्जरमध्ये खालच्या कोपऱ्यात डीसीवरचा १०० हर्ट्झचा रिपल १८० ते २१२ व्होल्ट हलतो आणि त्याबरोबर फ्रिक्वेन्सी दर १० मिलिसेकंदाला ४५ ते ४९ अशी झुलते. वरच्या व्होल्टेजला रिपल लहान, झुलणंही लहान, म्हणून ईएमआयची, म्हणजे विजेच्या गोंगाटाची, चाचणी वरच्या व्होल्टेजलाही घ्याच.

मग ह्याच चार्जरला स्थिर ६५ किलोहर्ट्झ का नको? चालेल, आणि स्वस्त आवृत्तीत मी तेच देते. करंट दर चक्रात शून्यावर येऊ देणाऱ्या रचनेत इंडक्टन्स ०.७ मिलिहेन्री आणि शिखर करंट १.१ अँपिअर येतो. फ्लक्सचा गुणाकार १.२८ वरून ०.७९ वर येतो, म्हणजे वेढेही कमी. बदलत्या फ्रिक्वेन्सीत ट्रान्सफॉर्मर सर्वांत कमी फ्रिक्वेन्सीसाठी मोठा करावा लागतो आणि मॉसफेट सर्वांत जास्त फ्रिक्वेन्सीसाठी थंड ठेवावा लागतो. स्थिरमध्ये दोन्ही एकाच आकड्यावर बसतात. त्या बदल्यात मॉसफेट दरीत चालू होईल की शिखरावर, हे दैवावर. शिखरावर म्हणजे ४८७ व्होल्टवर चालू झाला तर दर वेळी साडेनऊ मायक्रोज्यूल, ६५ किलोहर्ट्झला ०.६ वॅट. १० वॅटच्या आत मी स्थिरच घेते. २० च्या वर, आणि व्होल्टेज इतकं हलत असेल तर, दरी गाळणारी क्वासी-रेझोनंट.

स्थिर फ्रिक्वेन्सी, पीक करंट मोड (करंट ठरलेल्या शिखराला पोचला की मॉसफेट बंद) आणि ड्यूटी ५० टक्क्यांच्या वर, शिवाय करंट शून्यावर न येणारा, असं एकत्र आलं तर स्लोप कॉम्पेन्सेशन, म्हणजे करंटच्या सिग्नलमध्ये मिसळलेला एक उतार, द्यावंच लागतं. ते कमी पडलं की स्कोपवर एक पल्स रुंद, एक अरुंद, एक रुंद, एक अरुंद अशी जोडी, म्हणजे अर्ध्या फ्रिक्वेन्सीचा तरंग, दिसते. यूसी३८४४ ची ड्यूटी ५० टक्क्यांच्या आतच राहते, म्हणून ती नव्या मुलांच्या हातात द्यायला बरी.

वजनकाटा: इथे हळवा घटक डब्यातच बसलाय

संकलन केंद्रावरचा काटा. लोडसेल, म्हणजे वजनाचा सेन्सर, २ मिलिव्होल्ट प्रति व्होल्टचा, त्याला ५ व्होल्ट दिले तर १०० किलोला उत्तर फक्त १० मिलिव्होल्ट. १० ग्रॅमचा फरक दाखवायचा तर १ मायक्रोव्होल्ट ओळखावा लागतो. शेतकऱ्याच्या घरी जाणारा पैसा ह्या आकड्यावर मोजला जातो. त्यामुळे इथे मी तडजोड करत नाही: फ्रिक्वेन्सी स्थिर, आणि बोर्डवरच्या सगळ्या कन्व्हर्टरना एकच घड्याळ.

कारण असं. डब्यात १२ व्होल्टची बॅटरी असते, तिच्यावरून एक ५ व्होल्ट डिस्प्ले आणि प्रिंटरला, दुसरे ५ व्होल्ट लोडसेलला. दोन्हीकडे एकाच नावाच्या, एकाच रिळातल्या चिप लावल्या तरी त्यांची घड्याळं तंतोतंत जुळत नाहीत. एक १४८ किलोहर्ट्झवर, दुसरी १५१ वर. दोघींतला ३ किलोहर्ट्झचा फरक सप्लायच्या लाइनवर तरंग म्हणून दिसतो. हा फरक फिल्टरने मरतो. पण उन्हं चढली, डबा तापला आणि दोन्ही घड्याळं सरकत सरकत जवळ आली की फरक काही हर्ट्झवर येतो. लोडसेल वाचणारी एचएक्स७११ चिप सेकंदाला १० नमुने घेते, आणि इतका मंद तरंग तिला वजनासारखाच दिसतो. शेवटचा आकडा डुलायला लागतो, दुपारपुरता. असा काटा दुरुस्तीला आला की लोक आधी लोडसेल बदलतात. तुम्ही आधी दोन्ही कन्व्हर्टरच्या फ्रिक्वेन्सी मोजा.

एलएम२५९६ ही बक चिप स्वस्त आणि दणकट आहे, पण तिला बाहेरून घड्याळ देता येत नाही. एका डब्यात एकच कन्व्हर्टर असेल तर खुशाल वापरा. दोन असतील तर सिंक पिन, म्हणजे बाहेरचं घड्याळ घेणारी पिन, असलेली चिप घ्या. मायक्रोकंट्रोलरच्या टायमरवरून घड्याळ द्या आणि दुसऱ्या चिपला तेच उलटं करून द्या. दोघी आळीपाळीने करंट ओढतात आणि बॅटरीच्या बाजूचा रिपलही उतरतो. दोन गोष्टी तपासा. बऱ्याच चिपना बाहेरचं घड्याळ त्यांच्या स्वतःच्या घड्याळापेक्षा वेगवानच लागतं; किती वेगवान ते डेटाशीटमध्ये दिलेलं असतं. आणि मायक्रोकंट्रोलर जागा होईपर्यंत चिप स्वतःच्याच घड्याळावर धावते, म्हणून टायमर सुरू झाल्याशिवाय पहिलं वजन घेऊ नका.

ह्यापुढची गोष्ट डेटाशीटच्या मधल्या पानांत लपलेली असते आणि तीच सर्वांत जास्त त्रास देते. पुठ्ठ्यावर "४०० किलोहर्ट्झ स्थिर" असं छापलेली चिप हलक्या लोडवर स्थिर राहतेच असं नाही. लोडसेलच्या बाजूचा लोड ४० मिलिअँपिअर आहे असं धरा. १४.४ वरून ५ व्होल्ट, ३३ मायक्रोहेन्री, ४०० किलोहर्ट्झ, म्हणजे इंडक्टरमधला रिपल करंट सुमारे २५० मिलिअँपिअर, त्याचा निम्मा १२५. आपला लोड त्याच्याही खाली आहे. अशा वेळी चिप बॅटरी वाचवायला चक्रं गाळायला लागते: दोन-चार पल्स, मग शांतता, पुन्हा दोन-चार पल्स. म्हणजे काट्यात जी बदलती फ्रिक्वेन्सी नको म्हणून एवढा खटाटोप केला, ती मागच्या दाराने आत आली, आणि तीही कानाला ऐकू येणाऱ्या पट्ट्यात. उपाय सोपा आहे. चिपला मोडची पिन असेल तर ती सक्तीच्या पीडब्ल्यूएमला, म्हणजे हलक्या लोडवरही चक्रं न गाळणाऱ्या मोडला, बांधा. बॅटरीतून काही मिलिअँपिअर जास्त जातील, काट्यासाठी मी ते आनंदाने देते. काटा झोपलेला असताना पिन उलटी करा, म्हणजे रात्रभराची बॅटरीही वाचते.

रस्त्यावरचा दिवा आणि २८० व्होल्ट

ट्रान्झिशन मोडचा पीएफसी, एल६५६२ किंवा तिच्या बहिणी, १०० वॅटच्या दिव्याला चांगला बसतो. ह्यात फ्रिक्वेन्सी मेन्सच्या प्रत्येक अर्ध्या लाटेत वरखाली होते: शून्याजवळ सर्वांत जास्त, शिखरावर सर्वांत कमी. इंडक्टर ठरतो शिखरावरच्या फ्रिक्वेन्सीवरून.

करंट कमी व्होल्टेजला जास्त असतो, म्हणून सवयीने इंडक्टन्सचा हिशोबही कमी व्होल्टेजला करून मोकळं होतात. इथे ते पुरत नाही. सूत्र असं: मेन्स व्होल्टेजचा वर्ग, गुणिले आउटपुट वजा मेन्सचं शिखर, भागिले दोन गुणिले फ्रिक्वेन्सी, इनपुट पॉवर आणि आउटपुट. ११० वॅट इनपुट आणि ४०० व्होल्ट आउटपुट घाला. २७० व्होल्टला किमान ३५ किलोहर्ट्झ हवे असतील तर ०.४३ मिलिहेन्री येतात. त्याच इंडक्टरला १५० व्होल्टला शिखरावर १११ किलोहर्ट्झ मिळतात. आता तोच २८० वर न्या. मेन्सचं शिखर ३९६, आउटपुट ४००, मध्ये उरले ४ व्होल्ट. इंडक्टरचा करंट उतरायला जागाच नाही. हिशोबाने फ्रिक्वेन्सी ८ किलोहर्ट्झवर येते.

८ किलोहर्ट्झ ऐकू येतात. दुसऱ्या कुणाकडून घेतलेला दिवा दुरुस्तीला घेऊन आलेले एक बागायतदार मला म्हणाले होते, "ताई, हे दिवसा गप असतंय बघा, रातीचं लाईट वाढली की शिट्टी मारतंय." त्यांनी फ्रिक्वेन्सीचा कोपरा मीटर न लावता सांगितला होता.

उपाय आउटपुट ४३० व्होल्ट करणं. तोच ०.४३ मिलिहेन्री ठेवला तरी २८० ला ६५ किलोहर्ट्झ, २७० ला ८६, १५० ला १२०. ह्या तीन आकड्यांतली चढउतार दुपटीच्या आत आली. किंमत कपॅसिटरला मोजायची: ४५० व्होल्टच्या कपॅसिटरवर ४३० ठेवून तो रस्त्यावरच्या उन्हात तापवू नका. ५०० व्होल्टचा घ्या किंवा २५० चे दोन एकापाठोपाठ लावून त्यांना समान वाटणीचे रेझिस्टर द्या.

टेबलावर कसं तपासायचं

डिमरस्टॅट (मेन्सचं व्होल्टेज कमीजास्त करणारा), त्याच्या आधी आयसोलेशन ट्रान्सफॉर्मर, आणि लोडसाठी रिओस्टॅट किंवा इलेक्ट्रॉनिक लोड. एका कागदावर आडव्या रकान्यांत १५०, २३०, २८० व्होल्ट, उभ्या रकान्यांत १००, ५०, २५ आणि ५ टक्के लोड. प्रत्येक चौकटीत तीन नोंदी: फ्रिक्वेन्सी, मॉसफेटचं तापमान, आवाज येतो का. तापमान अर्धा तास थांबून घ्या.

प्रायमरीला स्कोपचा साधा प्रोब लावू नका, त्याची जमीन थेट मेन्सला जाऊन बसते. फ्रिक्वेन्सी बघायला स्पर्शाची गरजच नाही. प्रोबचं टोक त्याच्याच जमिनीच्या चिमट्याला जोडा, म्हणजे तारेचं एक छोटं कडं तयार होतं. हे कडं ट्रान्सफॉर्मरजवळ, अंगाला न लावता, धरा. स्कोपवर स्वच्छ स्पंदनं दिसतात आणि त्यांचं अंतर मोजता येतं. स्कोपचं पर्सिस्टन्स वाढवून ठेवा. स्थिर फ्रिक्वेन्सीत दुसरी कड रेघेसारखी बारीक दिसते. क्वासी-रेझोनंटमध्ये ती पट्ट्यासारखी रुंद असते, आणि दोन दरींच्या मध्ये अडकलेली असेल तर दोन वेगळ्या रेघा दिसतात. ह्या दोन रेघांमध्ये चिप सतत उड्या मारत असेल तर ट्रान्सफॉर्मर खरखरतो. चांगल्या चिपमध्ये एका दरीवरून दुसरीवर जाताना थोडी हिस्टेरेसिस, म्हणजे लगेच मागे उडी मारू न देणारी ढील, ठेवलेली असते. नसेल तर त्या लोडवर यंत्र जास्त वेळ थांबणार नाही ह्याची खात्री करा.

दुसरं साधन आणखी स्वस्त आहे: मध्यम लहरींचा, म्हणजे एएम बँडचा, खिशातला रेडिओ. सांगली आकाशवाणीची मध्यम लहर १२५१ किलोहर्ट्झ. समजा, कन्व्हर्टर १२५ किलोहर्ट्झवर स्थिर आहे. त्याचा दहावा हार्मोनिक १२५० वर पडतो आणि केंद्र लागलेलं असेल तर १ किलोहर्ट्झची सरळ शिट्टी कार्यक्रमात मिसळते. म्हणून १२५ टाळून १२० घेऊ, असं वाटेल. पण रेझिस्टर-कपॅसिटरच्या घड्याळाला ५ टक्क्यांची चूकभूल असते. दहाव्या हार्मोनिकवर ती, दोन्ही बाजू मिळून, १२० किलोहर्ट्झची रुंदी होते. हार्मोनिक चुकवून फ्रिक्वेन्सी निवडायची असेल तर घड्याळ क्रिस्टलवरचं हवं, नाहीतर फिल्टरवरच भर द्या. रेडिओ मी वेगळ्या कामाला वापरते. तो चालू करून काटा बँडभर हळूहळू फिरवा. स्थिर कन्व्हर्टर ठरावीक अंतरावर शिट्ट्या देतो, मधली जागा स्वच्छ. बदलता कन्व्हर्टर सगळीकडे पातळ गुरगुर देतो, १०० हर्ट्झच्या तालावर. रेडिओ डब्याभोवती फिरवला की गुरगुर कुठून येते तेही कळतं: मेन्सच्या तारेतून, बॅटरीच्या तारेतून की ट्रान्सफॉर्मरच्या फटीतून. मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत जाण्याआधी ही फेरी मारून गेलात तर तिथला महागडा वेळ वाचतो.

उरलेल्या जातींबद्दल थोडंच. लोड झटक्याने चढउतार करणारा असेल, म्हणजे प्रोसेसरचा बोर्ड किंवा मोडेम, तर कॉन्स्टंट ऑन-टाइम बक घ्या. घड्याळाची वाट न बघता तो लगेच पल्स देतो. ऑन-टाइम इनपुटच्या व्यस्त प्रमाणात ठेवणारी चिप निवडली की फ्रिक्वेन्सीही बरीचशी जागेवर राहते. फक्त जुन्या चिपना फीडबॅक पिनवर थोडा रिपल लागतो. तिथे नुसते सिरॅमिक कपॅसिटर लावले तर त्या डळमळतात, आणि रिपलचं छोटं जाळं वेगळं द्यावं लागतं. एलएलसी तीनशे वॅटच्या पुढे, आणि मागे पीएफसी लावून इनपुट जागेवर धरलेलं असेल तरच. १५० ते २८० सरळ एलएलसीवर सोडू नका.

शेवटचं काम वाइंडिंगचं चित्र काढणं. आमच्याकडे ट्रान्सफॉर्मर गुंडाळणाऱ्या काकूंना मी चित्रावर वेढे आणि गेज तर देतेच, शिवाय फ्रिक्वेन्सीचे दोन आकडे लिहिते, सर्वांत कमी आणि सर्वांत जास्त. तार त्यावरून ठरते. ६५ किलोहर्ट्झला करंट तांब्यात साधारण पाव मिलिमीटर खोल शिरतो, १९० ला ०.१५. म्हणून सेकंडरीला एक जाड तार न देता ३३ गेजच्या अनेक तारा पिळून देतो. कोर चिकटवताना फट मधल्या पायालाच घासून घ्यायची, बाहेरच्या पायांत कागद घालायचा नाही, कारण तिथून गळणारं क्षेत्र शेजारच्या लोडसेलच्या तारेत शिरतं. वार्निश पोकळीत बुडवून द्यायचं आणि भट्टीत पूर्ण वाळल्याशिवाय टेबलावर घ्यायचं नाही, नाहीतर आवाजाच्या रकान्यातली नोंद खोटी ठरते.